अठरा डावांचा चेंडू

१

गुरुवारी सकाळी मी बूट दुरुस्तीला टाकायला निघालो होतो. चांभाराच्या दुकानापर्यंत पोचेतो तीन जणांनी मला थांबवून सांगितलं, की हॅस्केटच्या गुत्त्यातला अठरा डावांचा चेंडू चोरीला गेला. तिघांचंही पुढचं वाक्य एकच होतं: त्या सामन्याचे पंच तुम्ही, तेव्हा आता तुम्हीच बघा. वीस वर्षं मैदानावर ज्याला आंधळा म्हणून हाका मारल्या, त्यालाच हे लोक चोर शोधायला सांगत होते. मी अठ्ठावन्न वर्षांचा आहे, गुडघे धरतात, आणि खरं सांगायचं तर कुठलाही निकाल द्यायची हौस माझ्यात उरलेली नाही. तरी गेलो. लेम क्रॅडॉकसाठी गेलो.

आमच्या कॉर्लिस फेरी गावाच्या बेसबॉल संघाने जिंकलेले एकतीस चेंडू हॅस्केटकडे काचेच्या पेटीत होते. सामना एकाच चेंडूवर व्हायचा, जिंकेल त्याने चेंडू न्यायचा, त्याला सोनेरी रंग द्यायचा आणि वर तारीख आणि गुण लिहायचे, ही जुनी रीत. मधल्या खणात सगळ्यात मानाचा चेंडू होता. ऑगस्ट १८७८, ॲल्बियन संघाविरुद्ध, दोन-एक, अठरा डाव. सामना एरवी नऊ डावांत संपतो, हा बरोबरीमुळे लांबला, आणि ते अठराही डाव एकट्या लेमने टाकले. तेव्हा तो तेवीस वर्षांचा होता आणि नदीच्या दोन्ही काठांवर त्याच्यासारखा चेंडू टाकणारा पिचर नव्हता. त्या सामन्यानंतर त्याचा उजवा हात खांद्याच्या वर कधी गेला नाही. दोन वर्षं त्याने इकडेतिकडे रेटून पाहिलं, आणि आता एकतिसाव्या वर्षी तो त्याच मैदानाच्या फाटकावर तिकिटं फाडतो.

दोन महिन्यांपूर्वी त्याचं नशीब जरा हललं होतं. वरच्या गावातल्या कॉलेजला पोरांना चेंडू टाकायला शिकवणारा माणूस हवा होता आणि त्यांनी लेमला बोलावलं. मग लीगच्या चिटणिसाचं, व्हिटलॉकचं, पत्र आलं. १८७८ साली ॲल्बियनचा कप्तान हाच होता आणि आठ वर्षं तो सामना त्याच्या पोटात सलत होता. त्याचे फलंदाज तेव्हापासून म्हणत आले होते, की चेंडू कणकेच्या गोळ्यासारखा होता, मारला तरी जात नव्हता. शनिवारी दुपारी मी येऊन तो चेंडू तोलून बघणार, त्याने लिहिलं होतं. लबाडी निघाली तर लेमचं नाव काळ्या यादीत. मग कॉलेज तर सोडाच, फाटकावरचं कामसुद्धा गेलं असतं.

"आणि आता चेंडूच नाही," हॅस्केट पेला पुसत म्हणाला. "म्हणजे लेमनेच लपवला, असं व्हिटलॉक म्हणणार. या, आंधळे महाराज, काय दिसतंय ते सांगा."

बाजूच्या बाकावर डीट हाउझर बसला होता. त्या सामन्यातला आमचा कप्तान आणि लेमचे चेंडू मागे झेलणारा कॅचर, त्याचा जिवलग. आता तो बर्फाची गाडी हाकतो आणि रोज अकराच्या सुमारास हॅस्केटकडे लाद्या टाकून कॉफी पितो. उघड्या हातांनी दहा वर्षं चेंडू झेलून त्याची बोटं आल्याच्या गाठीसारखी झाली आहेत. बर्फाचा चिमटासुद्धा तो मनगटाला पट्ट्याने बांधतो. कपाचा कान त्याला धरता येत नाही म्हणून त्याने कप दोन तळव्यांत घेतला होता. मी रामराम केला तर त्याने नुसती मान हलवली.

मी पेटीकडे पाहिलं. कुलूप शाबूत होतं. किल्ली नेहमीसारखी शेजारच्या खिळ्याला लटकत होती आणि तिच्यावर कोळ्याने जाळं विणलेलं होतं. म्हणजे चेंडू गेला होता, पण दार कोणी उघडलंच नव्हतं.

२

चोरी बुधवारी दुपारी झाली असणार. पिठाच्या गिरणीच्या धुराड्याला आग लागली तेव्हा गुत्ता टाकून सगळेच बादल्या घेऊन धावले होते. अर्धा तास इथे कोणी नव्हतं आणि मागचं दार सताड उघडं होतं. त्यामुळे कोण कुठे होता हे विचारण्यात अर्थ नव्हता. त्या गर्दीत मला माझी बायको भेटली नाही, तिथे दुसऱ्याचं काय सांगणार.

पेटी बारच्या मागच्या उंच कपाटावर होती. हॅस्केटला आणि त्याच्या पोऱ्याला मी ती खाली घ्यायला लावली. दोघं धापा टाकायला लागले. पुढचं दार लहान होतं, एक हात जाऊन एक चेंडू बाहेर येईल एवढंच. मागची फळी चार लाकडी खिट्ट्यांवर बसवलेली होती. तीन खिट्ट्या आडव्या होत्या, चौथी उभीच राहिली होती. चोराने ती जड पेटी एकट्याने खाली घेतली, मागची फळी काढली, चेंडू घेतला, फळी लावली आणि पेटी पुन्हा वर ठेवली. हाताशी किल्ली असताना.

"वेडा होता का तो?" हॅस्केटने विचारलं.

किल्ली कुठे असते हे गावातल्या शेंबड्या पोरालाही माहीत आहे. मी मैदानाकडे चालायला लागलो.

ऑरिन पेल तिथे एकटाच फळीवर चेंडू मारत होता. हा आमचा नवा पिचर, चोवीस वर्षांचा, आणि अंगात मस्ती भरपूर. लेमचं नाव निघालं की याचं तोंड वाकडं होतं, कारण प्रत्येक सामन्यानंतर कोणीतरी म्हातारा याला सांगतो की लेम असता तर. गावातले निम्मे लोक याच्यावरच बोट ठेवून होते. मी विचारल्यावर तो लपवाछपवी न करता म्हणाला, की तो चेंडू नदीत फेकावा असं शंभरदा मनात आलं होतं.

"पण मी घेतला असता तर किल्ली लावून घेतला असता, पंच," तो म्हणाला. "पेटी उतरवायचे कष्ट मी कशाला करू? मला पुढच्या आठवड्यात सामना आहे. मी माझा खांदा जपतो. त्याने जपला नाही, त्याचं काय झालं ते फाटकावर बघा."

बोलणं उद्धट होतं, पण खोटं नव्हतं. मला राग आला तो खरं बोलल्याचाच.

फाटकाजवळच्या खोलीत लेम कोट घालत होता. आधी उजवी बाही लोंबत्या हातावर चढवायची, मग डाव्या हाताने कोट ओढून घ्यायचा. रोजचंच असल्यासारखं तो हे सावकाश करतो. ज्याला कोट असा घालावा लागतो, तो डोक्याच्या वरून ती पेटी उतरवू शकत नाही. हे मला तिथेच कळलं आणि बरं वाटलं. पण व्हिटलॉकला हे पुरावा म्हणून पटलं नसतं. मित्राकडून काढवून घेतली असेल, असं तो म्हणाला असता.

लेमने मला बसायला सांगितलं. चोर सापडला नाही तरी चालेल, असं काहीसं तो पुटपुटला. मी चिडलो. तुझा जन्म पणाला लागलाय आणि तुला चालेल?

"मी दमलोय, पेकबाबा," तो म्हणाला. "आठ वर्षं लोक मला तो एकच सामना विचारतात. त्या चेंडूचं काय झालं ते शोधाल, पण त्यातून काय निघेल ते सगळ्यांना सोसेल का, तेवढं बघा."

मला वाटलं होतं, हा माणूस घाबरलेला असेल. तो कोणाला तरी जपत होता. कोणाला, ते त्याने सांगितलं नाही.

३

शुक्रवारी मी मिसेस ओडेलकडे गेलो. गावातल्या दुकानांच्या पाट्या ही बाई रंगवते आणि पेटीतले एकतीसही चेंडू तिनेच सोनेरी केले. मला खरं तर एवढंच विचारायचं होतं, की तसाच दुसरा चेंडू रंगवून कोणी मागितला होता का. नव्हता मागितला. पण चेंडूचं नाव काढताच बाईच्या कपाळाला आठ्या पडल्या.

"त्या मेल्या चेंडूने माझा जीव खाल्ला होता," ती म्हणाली. "तीस चेंडूंवर मुलामा एका हातात बसला. त्याच्यावर लावला की आठवड्यात फुगून पापुद्रे निघायचे. तीनदा खरवडून लावला, पंच. शेवटी महिनाभर शेगडीजवळ टांगून ठेवला, तेव्हा कुठे रंग धरला."

"रंग खराब होता का?"

"माझा रंग? शिवणीतून पाणी झिरपत होतं हो. आणि शिवणीत लाकडाचा भुसा. सुईने टोकरून काढला मी."

मी तिच्या दारातल्या पायरीवर बसलो. आतली लोकर पाणी प्यायलेली होती. सामन्याच्या दिवशी तर कडक ऊन होतं, पावसाचा थेंब नव्हता. एवढी ओल चेंडूच्या गाभ्यात मुरायची तर तो आठवडाभर ओलीतच पडलेला हवा. आणि भुसा म्हणाल तर हॅस्केटच्या जमिनीवरही पसरलेला असतो, पण शिवणीत घट्ट बसायला चेंडू भुशात पुरलेला असायला लागतो. उन्हाळ्यात ओल आणि भुसा एकत्र असण्याची आमच्या गावात एकच जागा आहे. हिवाळ्यातला बर्फ वर्षभर भुशात पुरून ठेवतात ते बर्फघर.

मग मला तो दिवस आठवला, आणि आठवायला नको होता. यजमान संघाच्या कप्तानाने चेंडू आणून द्यायचा, पंचाने तो तोलून खेळात टाकायचा, असा नियम. तराजू माझ्या पिशवीत होता. लोक ओरडत होते, ऊन मी म्हणत होतं आणि मला घरी जायची घाई होती. चेंडू हातात घेतला, कातडं कोरडं आणि उन्हाने कोमट होतं. मी तो न तोलताच लेमकडे फेकला. म्हणजे ॲल्बियनचे लोक आठ वर्षं खरं बोलत होते आणि त्यांना खोटं पाडणारा मी होतो.

चेंडू मला ज्याने आणून दिला, तो कप्तान डीट होता.

आणि डीटचं नाव मनात आल्याबरोबर ती पेटीही उलगडली. किल्ली, लहान दार, हे सगळं एका हाताचं काम. डीटला एका हाताने चेंडू धरताच येत नाही. जे काही उचलायचं ते दोन तळव्यांत, कालच्या कॉफीच्या कपासारखं. आणि त्या लहान दारातून दोन हात जात नाहीत. म्हणून रोज बर्फाच्या लाद्या पेलणाऱ्या त्या माणसाने अख्खी पेटी कवेत घेऊन उतरवली, तळव्याने खिट्ट्या सारल्या आणि मागून चेंडू काढला. लेमला पेटी उतरवता आली नसती. ऑरिन आणि हॅस्केट यांना उतरवायची गरज नव्हती. ज्याला उतरवता येत होती आणि उतरवल्यावाचून गत्यंतर नव्हतं, असा गावात एकच होता.

४

बर्फघराच्या दाराशी डीट भुसा सारत होता. मी काही विचारायच्या आधीच त्याने फावडं भिंतीला टेकवलं.

"कळलं ना?" तो म्हणाला.

मी म्हटलं, कळलं, पण का ते कळलं नाही. तो लाद्यांच्या मागे गेला, भुशात कोपरापर्यंत हात घातले आणि दोन तळव्यांत चेंडू घेऊन आला. बर्फाशेजारी दोन दिवस राहूनही तो कोरडा होता, कारण या वेळी त्याने तो मेणकापडात गुंडाळला होता.

त्याने जे सांगितलं ते थोडक्यात असं. सामन्याच्या आठवडाभर आधी त्याच्या उजव्या हाताचा अंगठा मुळापासून फाटला होता. लेमचे चेंडू झेलणारा दुसरा कोणी संघात नव्हता. डीट बाहेर बसला असता तर सामना गेला होता. हिवाळ्यात तो बर्फघरात काम करायचा, तेव्हा त्याला माहीत होतं की ओलीत ठेवलेला चेंडू मऊ पडतो. आठ दिवस त्याने चेंडू लाद्यांमध्ये पुरला आणि सामन्याच्या सकाळी वरचं कातडं उन्हात वाळवलं. ॲल्बियनला फसवायचं त्याच्या मनातही नव्हतं. त्याला फक्त नऊ डाव हात टिकवायचा होता. झाले अठरा.

"हाताला मऊ असतो, पेकबाबा," तो म्हणाला. "पण जड असतो. ते मला तेव्हा सुचलं नाही. माझे तळवे वाचावे म्हणून मी त्याच्या हातात दगड दिला, आणि तो अठरा डाव टाकत राहिला. त्याचा खांदा मी खाल्ला."

"लेमला माहीत आहे?"

"नाही. कसं सांगू? त्याला वाटतं, आपल्याच हट्टाने हात गेला. दर रविवारी तो माझ्या घरी जेवतो. माझी बायको त्याला मांस कापून देते, कारण त्याच्याने सुरी दाबवत नाही. मी समोर बसून बघतो." त्याने तोंड फिरवलं. "व्हिटलॉकने तोलला की सगळं बाहेर येणार, म्हणून घेतला. त्याचा आळ लेमवर जाईल, हे डोक्यातच आलं नाही. मी कॅचर आहे. आलेलं थोपवायचं, एवढंच मला येतं."

मला त्याला चार शब्द सुनवायचे होते. पण तराजू पिशवीत ठेवणाऱ्या माणसाने कोणत्या तोंडाने सुनवायचे? मी चेंडू घेतला आणि त्याला एवढंच म्हटलं, की उद्या दुपारी ये.

५

शनिवारी हॅस्केटच्या गुत्त्यात पाय ठेवायला जागा नव्हती. व्हिटलॉक पितळी तराजू घेऊन आला. जाड, शांत माणूस, आवाज चढवत नाही. चेंडू मला मिळाला, एवढंच मी त्याला सांगितलं, आणि कुठे मिळाला हे त्याने विचारलं नाही. त्याला चेंडूशी काम होतं. लेम भिंतीला टेकून उभा होता, डीट दाराजवळ. डीटचा चेहरा चुन्यासारखा पांढरा पडला होता.

चेंडू पारड्यात गेला. सव्वापाच औंस. नियमात जेवढा जास्तीत जास्त असावा तेवढाच, सोनेरी मुलाम्यासकट. शेगडीने आणि आठ वर्षांनी आतलं सगळं पाणी पिऊन टाकलं होतं. लोक टाळ्या वाजवायला लागले. व्हिटलॉकने हात वर केला.

"हे आजचं वजन," तो म्हणाला. "पेक, त्या दिवशी तुम्ही तोललात तेव्हा किती भरलं होतं?"

सव्वापाच म्हटलं असतं की संपलं होतं. कोणाकडे कागद नव्हता. पण मी वीस वर्षांत चुकीचे निकाल पुष्कळ दिले, खोटा एकही दिला नाही, आणि या वयात नवीन सवय लावून घ्यायची ताकद माझ्यात नव्हती.

"मी तोललाच नाही," मी म्हटलं.

डीट पुढे सरकला आणि त्याने तोंड उघडलं. मी त्याच्याकडे न बघता बोलत राहिलो. म्हटलं, नियम सगळ्यांना ठाऊक आहे. पंचाने खेळात टाकला तो चेंडू खरा. तो बदलेपर्यंत पिचरने तोच टाकायचा, फलंदाजाने तोच मारायचा, आणि त्यात खोट असेल तर ती पंचाची. क्रॅडॉकला मी जो चेंडू दिला तो त्याने टाकला. याहून जास्त त्याच्या माथी मारता येत नाही.

व्हिटलॉकने चेंडू पारड्यातून काढून बारवर ठेवला. चेंडू असा कोणी केला, हा प्रश्न त्याच्या ओठांवर होता असं मला वाटलं. त्याने तो विचारला नाही. आमच्या खेळात दाद मागितल्याशिवाय पंच निकाल देत नाही, म्हणून मीही दिला नाही. मग त्याने वही काढली आणि लिहिलं. सामन्याचा निकाल कायम. क्रॅडॉकवर ठपका नाही. पंच जोसाया पेक याचं नाव लीगच्या पंचांच्या यादीतून कमी. लिहून झाल्यावर त्याने वही मिटली.

"आठ वर्षं मला वाटायचं, आपण नीट मारलं नाही," तो म्हणाला. जाताना त्याने लेमच्या डाव्या हातात हात दिला.

माणसं पांगली. आम्ही तिघं आणि हॅस्केट एवढेच उरलो. डीट लेमसमोर येऊन उभा राहिला.

"लेम, तो चेंडू मी बर्फात..."

"तिसऱ्या डावात कळलं होतं मला," लेम म्हणाला.

डीट मागच्या बाकावर टेकला.

"जड होता, हे पहिल्याच डावात कळलं. मला वाटलं, उन्हाने हात भरलाय. तिसऱ्या डावात तू चेंडू परत टाकलास तर त्याच्यावर तुझं रक्त होतं. तेव्हा समजलं तू काय केलंस आणि का केलंस. कडक चेंडू असता तर पुढच्या डावाला तू बाहेर असतास."

"मग बोलला का नाहीस? पंचांकडे फेकायचा होतास."

"सामना गेला असता. मला जिंकायचं होतं, डीट. तुझ्याइतकंच." लेमने डाव्या हाताने बारवरचा चेंडू उचलला. "बोलायला हवं होतं, पण तेव्हा नाही, नंतर. तू दर रविवारी माझ्याकडे असा बघायचास की वाटायचं, याला कळू देऊ नये आपल्याला माहीत आहे ते. आठ वर्षं दोघं एकमेकांना जपत बसलो. दमलो बाबा मी त्याने. हात गेला त्याने एवढा दमलो नव्हतो."

त्याने चेंडू डीटच्या दोन तळव्यांत ठेवला. डीटच्या गालांवरून पाणी वाहत होतं आणि ते पुसायला हात मोकळे नव्हते.

"किती हलका आहे रे," तो म्हणाला.

"वाळलाय आता," लेम म्हणाला.

मी पिशवीतून माझा तराजू काढला आणि लेमच्या कोटाच्या खिशात घातला. कॉलेजच्या पोरांना आधी हे शिकव, म्हटलं. मला आता त्याची गरज नव्हती. मग मी चांभाराकडे गेलो, कारण बूट शनिवारी देतो म्हणाला होता.